कुटुंबाच्या गरजेसाठी भाडेकरूकडून घर परत मिळवताना : नागपुरातील घरमालकांसाठी मार्गदर्शन

मुलाचे लग्न ठरते, वडिलांना जिना चढवेनासा होतो किंवा पुण्यात नोकरी करणारी मुलगी कुटुंबासह नागपूरला परत यायचे ठरवते, आणि मग खालच्या मजल्यावर वर्षानुवर्षे राहणाऱ्या किरायेदाराकडे घरमालकाचे लक्ष जाते. घर आपले आहे आणि गरज खरी आहे, तेव्हा सांगितल्यावर तो घर खाली करून देईल ही अपेक्षा स्वाभाविक असली तरी भाडेकरू नकार देऊ शकतो, आणि त्याने नकार दिल्यावर घरमालकापुढे न्यायालयाचीच वाट उरते. ही वाट लांब आहे, पण बंद नाही. ज्यांचे दावे फसतात त्यांपैकी अनेकांची गरज खोटी नसते. ती मोघम शब्दांत मांडलेली असते, किंवा तिच्या शेजारी एखादी दडवलेली गोष्ट सापडलेली असते. म्हणून दावा दाखल करण्याच्या आधीची तयारी या लेखात अधिक विस्ताराने दिली आहे.

राहणारा माणूस कायद्याच्या दृष्टीने कोण आहे

पहिला प्रश्न गरजेचा नसून नात्याचा आहे. समोरचा माणूस भाडेकरू आहे की परवानाधारक, म्हणजे लिव्ह अँड लायसन्स करारावर राहणारा, यावर पुढचा सगळा मार्ग ठरतो. धरमपेठ, प्रताप नगर किंवा मनीष नगर या भागांत अलीकडे दिलेली पुष्कळ घरे अकरा महिन्यांच्या नोंदणीकृत करारावर दिलेली असतात. राहण्यासाठी दिलेल्या अशा घराची मुदत संपूनही परवानाधारक जात नसेल, तर महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम २४ खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे याच कामासाठी शासनाने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, अर्ज करता येतो, आणि तेथे कुटुंबाची गरज सिद्ध करण्याचा प्रश्नच येत नाही. करार लेखी आहे आणि मुदत संपली आहे, एवढे पुरेसे असते. समन्स मिळाल्यापासून तीस दिवसांत परवानाधारकाने प्रतिज्ञापत्र देऊन बचावाची परवानगी मागावी लागते, आणि मुदतीनंतरच्या वास्तव्यासाठी ठरलेल्या शुल्काच्या दुप्पट दराने नुकसानभरपाई देण्याची जबाबदारी त्याच्यावर येते. ज्याच्या हातात असा करार आहे त्याने आईच्या गुडघेदुखीची कागदपत्रे जमवत बसण्याचे काही कारण नाही.

करार नोंदवलेला नसेल, तर मात्र पंचाईत होते. कलम ५५ प्रमाणे भाड्याचा किंवा परवान्याचा करार लेखी करून नोंदवण्याची जबाबदारी घरमालकाची आहे. तसे केले नसेल तर कोणत्या अटींवर घर दिले याबद्दल राहणाऱ्याचे म्हणणे, उलट सिद्ध होईपर्यंत, खरे मानले जाते. साध्या स्टँपपेपरवर सह्या करून ठेवलेल्या कागदाच्या भरवशावर राहणाऱ्यांनी हे आधीच लक्षात घ्यावे.

दोन अपवाद येथेच सांगून टाकतो. जागा बँकेला, सार्वजनिक उपक्रमाला किंवा एक कोटी रुपये वा त्याहून अधिक भरणा झालेले भागभांडवल असलेल्या कंपनीला दिली असेल, तर कलम ३ मुळे तिला भाडे नियंत्रणाचे संरक्षण नसते. तेथे मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम १०६ ची नोटीस देऊन भाडेपट्टा संपवता येतो. दुसरा अपवाद सैन्यदलातील आणि निवृत्त घरमालकांसारख्या काही ठरावीक वर्गांचा आहे. त्यांना स्वतःच्या राहण्यासाठी घर हवे असल्यास कलम २३ खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे जाण्याची जलद सोय आहे, मात्र त्यासाठी विहित प्रमाणपत्र लागते.

उरलेले सर्व, म्हणजे महाल आणि इतवारीतल्या वाड्यांत आजोबांच्या काळापासून राहणारी कुटुंबे, सीताबर्डीवरची जुनी दुकाने, सदरमधले दोन खोल्यांचे भाडेकरू, हे भाडे नियंत्रण कायद्याचे संरक्षण असलेले भाडेकरू होत. पुढचे सर्व विवेचन त्यांच्यासंबंधी आहे.

जुन्या पद्धतीची आठवण आणि आजचा कायदा

नागपुरातील वडीलधारी मंडळी अजूनही रेंट कंट्रोलरच्या परवानगीची गोष्ट काढतात, आणि ती ऐकून तरुण घरमालक चुकीच्या कचेरीत जाऊन बसतात. विदर्भात मध्य प्रांत व वऱ्हाडचा १९४९ चा भाडे नियंत्रण आदेश लागू होता. त्यानुसार आधी रेंट कंट्रोलरकडून भाडेकरार संपवण्याची नोटीस देण्याची परवानगी मिळवायची, मग नोटीस द्यायची आणि त्यानंतर दिवाणी न्यायालयात ताब्याचा दावा लावायचा, असा दुहेरी प्रवास होता. ३१ मार्च २००० रोजी नवा अधिनियम अमलात आला आणि तो टप्पा संपला. आता कारण सिद्ध करायचे ते थेट न्यायालयात. नागपूर शहरातील मिळकतीसाठी ते लघुवाद न्यायालय (स्मॉल कॉज कोर्ट) होय.

कलम १६(१)(जी) सांगते की, घरमालकाला स्वतःच्या वापरासाठी, किंवा ज्याच्या हितासाठी ती जागा धारण केली आहे त्याच्या वापरासाठी, जागेची वाजवी आणि प्रामाणिक गरज असेल तर न्यायालय ताब्याचा हुकूमनामा (डिक्री) देऊ शकते. ही तरतूद घराला लागू आहे तशीच दुकानालाही लागू आहे. कलमात कुटुंबाचा वेगळा उल्लेख नाही, म्हणून काही भाडेकरू मुलाची गरज ही मालकाची गरज नव्हे असा बचाव घेतात. त्या बचावात आता फारसा दम राहिलेला नाही. पंजाबच्या कायद्यासंबंधी जोगिंदर पाल विरुद्ध नवल किशोर बहल या २००२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्वतःचा वापर या शब्दांचा अर्थ व्यापक लावला. ज्या व्यक्तीसाठी जागा हवी आहे तिचे मालकाशी नाते किती जवळचे आहे, ते दोघे एकमेकांवर किती अवलंबून आहेत आणि तिची सोय लावणे ही मालकाची कौटुंबिक वा सामाजिक जबाबदारी ठरते का, हे त्या निकालाप्रमाणे पाहायचे असते. मुलगा, सून आणि वृद्ध आईवडील यांच्याबाबत त्यामुळे अडचण येत नाही. विवाहित मुलगी, विधवा बहीण किंवा भाचा यांच्यासाठी जागा मागताना मात्र हे अवलंबित्व दाव्यात स्पष्ट लिहिले पाहिजे. नुसते नाते सांगून थांबू नये.

वाजवी आणि प्रामाणिक या दोन शब्दांचे मोजमाप शिव सरूप गुप्ता विरुद्ध डॉ. महेश चंद गुप्ता या १९९९ च्या निकालात सापडते. न्यायाधीशाने स्वतःला घरमालकाच्या जागी ठेवून ही गरज स्वाभाविक, खरी आणि मनापासूनची वाटते का हे पाहावे, असा त्याचा आशय आहे. एखाद्याने कसे राहावे हे भाडेकरूने वा न्यायालयाने त्याला शिकवायचे नसते, हेही अनेक निकालांनी मान्य केले आहे. मात्र नुसती इच्छा म्हणजे गरज नव्हे. या दोहोंमधले अंतर भरून काढायचे ते पुराव्याने.

दावा लावण्यापूर्वीची तयारी

सर्वप्रथम एक कागद घ्या आणि त्यावर आज घरात कोण कोण राहते, प्रत्येकाचे वय काय, कोणती खोली कोण वापरते, खोल्यांची मापे काय आणि संडास-न्हाणीघर कोणत्या मजल्यावर आहे, हे लिहून काढा. ही नोंद हा दाव्याचा कणा असतो. कुटुंब वाढले असून जागा अपुरी पडते, असे वाक्य जवळजवळ प्रत्येक दाव्यात असते, आणि म्हणूनच त्याने कोणाचे समाधान होत नाही. त्याऐवजी असे लिहिता येते : वरच्या मजल्यावर दहा बाय बाराच्या दोन खोल्या आणि स्वयंपाकघर आहे, तेथे पतिपत्नी, अठ्ठ्याहत्तर वर्षांची आई, विवाहित मुलगा, सून व नातू अशी सहा माणसे राहतात, आईला रोज वीस पायऱ्यांचा अरुंद जिना उतरून खालच्या संडासात जावे लागते, आणि तळमजल्यावरच्या दोन खोल्या भाडेकरूकडे आहेत. असे वर्णन वाचणाऱ्या न्यायाधीशाला ते घर डोळ्यांपुढे उभे करता येते.

त्याच कागदाच्या मागच्या बाजूला कुटुंबाच्या नावावर नागपुरात आणि बाहेर असलेली प्रत्येक मिळकत लिहा. मिहानकडे घेतलेला फ्लॅट, मानेवाड्याला पत्नीच्या नावावर असलेले अर्धवट बांधकाम, नागपूर सुधार प्रन्यासचा मोकळा प्लॉट, गावाकडचे वडिलोपार्जित घर, काहीही वगळू नका. माझ्या मते घरमालकाचे सर्वांत मोठे नुकसान येथेच होते. दुसरी जागा असणे हे दावा बुडण्याचे कारण नसते. ती जागा भाड्याने दिली असेल, दूर असेल, अपुरी असेल किंवा ज्याच्यासाठी घर हवे त्याच्या उपयोगाची नसेल, तर तसे सांगता येते आणि न्यायालय ते ऐकते. पण ती दाव्यात न सांगता उलटतपासणीत भाडेकरूच्या वकिलाने घरटॅक्सच्या पावतीसह पुढे ठेवली, तर उरलेल्या साऱ्या खऱ्या गोष्टींवरही संशयाची सावली पडते. शेजारीच राहणाऱ्या भाडेकरूला आपल्या घरच्या उलाढालींची माहिती आपल्या भावांपेक्षा जास्त असते, हे विसरू नये.

तिसरे काम थांबण्याचे आहे. दावा लावायचा विचार असेल तर रिकामी झालेली दुसरी खोली नव्या माणसाला भाड्याने देऊ नका. भाडे वाढवून द्या, नाहीतर घर खाली करा, अशा आशयाचा संदेश मोबाइलवर पाठवू नका. कलम ११ नुसार दर वर्षी चार टक्के भाडेवाढ कायदेशीर आहे आणि ती मागण्यात काही चूक नाही. परंतु बाजारभावाने भाडे मागणारे पत्र आणि त्यानंतर दोन महिन्यांनी कुटुंबाच्या गरजेचा दावा, ही जोडी न्यायालयात फार वाईट दिसते. बिल्डरशी बोलणी चालू असतील तर तेही स्वतःशी प्रामाणिकपणे तपासा. जुना वाडा पाडून इमारत उभी करायची असेल तर त्यासाठी कलम १६(१)(आय) हे वेगळे कारण आहे. त्यात मंजूर नकाशे लागतात आणि भाडेकरूला नव्या इमारतीत जागा देण्याचे बंधन येते. ते बंधन टाळण्यासाठी (जी) चा आडोसा घेणाऱ्याला पुढे मोठी किंमत मोजावी लागू शकते.

कागदपत्रांबद्दल थोडक्यात सांगता येईल. मालकीसाठी विक्रीपत्र किंवा वाटणीपत्र आणि सिटी सर्व्हेची आखीव पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड), महापालिकेच्या घरटॅक्सच्या पावत्या, भाड्याच्या पावत्यांची बुके, महावितरणची बिले, कुटुंबाची शिधापत्रिका, लग्नपत्रिका व विवाह नोंदणी, डॉक्टरांचे कागद, मुलाचे शिक्षण वा नोकरीचे दाखले, आणि शक्य असल्यास वास्तुविशारदाने काढलेला सर्व मजल्यांचा मोजमापासह नकाशा. भाडेकरूशी मोबाइलवर झालेला पत्रव्यवहार वापरायचा असेल, तर १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र जोडावे लागते. नुसता स्क्रीनशॉट छापून दिल्यास त्यावर हरकत येते.

भाड्याची पावती देणे हे भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम ३१ प्रमाणे मालकाचे कर्तव्य आहे. काही मंडळी वाद सुरू होताच पावती देणे बंद करतात. त्याने भाडेकरूचे काहीच बिघडत नाही आणि मालकाची वागणूक मात्र नजरेत भरते. पाण्याचा पुरवठा तोडणे, विजेचे मीटर काढून घेणे किंवा सामायिक संडासाला कुलूप लावणे हे तर कलम २९ खाली गुन्हाच आहे. जबरदस्तीने बाहेर काढलेला माणूस विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ प्रमाणे सहा महिन्यांत दावा लावून ताबा परत मिळवू शकतो, आणि त्या दाव्यात मालकी कोणाची हा प्रश्न विचारात घेतला जात नाही. पोलीस ठाण्यात तक्रार करून भाडेकरू निघेल या भ्रमातही राहू नये. ताबा देववणे हे पोलिसांचे काम नाही.

नोटीस आणि बोलणी

भाडे थकल्याच्या कारणावरून दावा लावायचा असेल तर कलम १५ प्रमाणे लेखी मागणीची नोटीस देऊन नव्वद दिवस थांबावेच लागते. स्वतःच्या गरजेच्या दाव्याला तशी अट नाही, आणि भाडे नियंत्रण कायद्याखालच्या दाव्यासाठी मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाची नोटीसही आवश्यक नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने १९७९ मध्ये धनपाल चेट्टियार प्रकरणात ठरवले आहे. तरीही वकिलामार्फत नोटीस द्यावी, असे मी सुचवेन. गरज कोणती आहे हे तिच्यात नेमके लिहिल्याने ती दाव्याआधीच लेखी नोंदली जाते. भाडेकरूने दिलेल्या उत्तरातून त्याचा बचाव कळतो आणि समझोत्याचे दारही उघडते. नोटीस स्पीड पोस्टाने, पोचपावतीसह पाठवावी आणि तिचा मजकूर पुढच्या दाव्याशी तंतोतंत जुळेल याची काळजी घ्यावी. नोटिशीत मुलाचे लग्न आणि दाव्यात मुलीचे ट्यूशन क्लास, असा बदल झाला तर उलटतपासणीत त्याचे उत्तर देता येत नाही.

समझोता म्हणजे हार असे मानणारे घरमालक पुष्कळ भेटतात. माझे मत वेगळे आहे. पहिल्या न्यायालयातला निकाल, मग जिल्हा न्यायालयातले अपील, मग उच्च न्यायालय, हा प्रवास वर्षांच्या हिशेबात होतो. त्यापेक्षा भाडेकरूला वर्षभराची मुदत, त्या काळातल्या भाड्याची सूट किंवा नव्या घराच्या अनामतीपुरती रक्कम देणे बहुधा स्वस्त पडते. मात्र असा समझोता तोंडी किंवा साध्या कागदावर ठेवू नये. दावा दाखल झाल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३ खाली तो न्यायालयात नोंदवावा, म्हणजे त्याचाच हुकूमनामा होतो आणि ठरलेल्या तारखेला भाडेकरू निघाला नाही तर नव्याने दावा लावावा लागत नाही. लोकअदालतीतही हे करता येते. घरमालक स्त्री असेल तर उत्पन्नाची अट न लावता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो. भाड्याच्या तुटपुंज्या उत्पन्नावर राहणाऱ्या विधवा घरमालकिणींना ही सोय अनेकदा ठाऊक नसते.

दाव्यात काय लिहावे, कोणाला सामील करावे

सिव्हिल लाइन्समधल्या न्यायमंदिरात दावा दाखल करताना वकील मसुदा तयार करतात, पण त्यातली प्रत्येक ओळ घरमालकाने स्वतः वाचली पाहिजे, कारण पुढे साक्षीच्या पिंजऱ्यात त्यालाच उभे राहायचे असते. दाव्यात चार गोष्टी स्पष्ट असाव्यात : वादी मालक कसा झाला, जागेचे चतुःसीमेसह वर्णन, गरज काय व ती कोणाची, आणि इतर उपलब्ध जागा का पुरत नाहीत. पाचवी गोष्ट बहुतेक दाव्यांत विसरली जाते, ती म्हणजे हुकूमनामा न मिळाल्यास वादीला होणारा त्रास. तिच्याबद्दल पुढे सविस्तर लिहिले आहे.

मिळकत भावाबहिणींच्या सामायिक मालकीची असेल तर एक सहमालकही दावा लावू शकतो, हे श्रीराम पसरिचा विरुद्ध जगन्नाथ या १९७६ च्या निकालापासून मान्य आहे. तरी एखादा भाऊ भाडेकरूच्या बाजूने उभा राहण्याची शक्यता असल्यास आधीच त्याची लेखी संमती घ्यावी किंवा सर्वांना वादी करावे. मूळ भाडेकरू वारला असेल तर त्याच्या मृत्यूच्या वेळी सोबत राहणाऱ्या कुटुंबीयांकडे भाडेहक्क जातो. त्या सर्वांची नावे शोधून त्यांना प्रतिवादी करावे, नाहीतर अंमलबजावणीच्या वेळी एखादी विवाहित मुलगी किंवा पुतण्या हरकत घेऊन उभा राहतो.

अनेक कारणे एकाच दाव्यात घालण्याचा मोह होतो : भाडे थकले, पोटभाडेकरू ठेवला, भिंत पाडली आणि शिवाय आम्हाला गरज आहे. कायद्याने तसे करता येते. परंतु सिद्ध न होणारी तीन कारणे खऱ्या चौथ्याचे वजन कमी करतात, म्हणून ज्याचा पुरावा हातात आहे तेवढेच मांडावे. कोर्ट फी घराच्या बाजारभावावर नव्हे, भाड्याच्या हिशेबाने लागते, त्यामुळे जुन्या भाड्याच्या घरांत ती अगदी किरकोळ असते.

साक्ष

भाडेकरूचा लेखी जबाब येतो, न्यायालय वादाचे मुद्दे ठरवते आणि मग घरमालकाची सरतपासणी (स्वतःच्या बाजूची साक्ष) प्रतिज्ञापत्राने व उलटतपासणी प्रत्यक्ष होते. वादी अमेरिकेत किंवा बंगळुरूत असेल तर मुखत्यारपत्र देऊन काकांना साक्षीला उभे करण्याची पद्धत दिसते, पण ती धोक्याची आहे. मुखत्याराला स्वतःच्या माहितीतल्या गोष्टींबद्दल बोलता येते; मालकाच्या मनातली, त्याच्या व्यक्तिगत माहितीतली गरज त्याच्या वतीने तो शपथेवर सांगू शकत नाही, असे जानकी वाशदेव भोजवानी प्रकरणात २००४ साली ठरले आहे. ज्याची गरज त्याने स्वतः साक्ष द्यावी हे उत्तम. मुलासाठी घर मागितले असेल तर मुलाला तपासलेच पाहिजे असा नियम नाही, तरीही तो नागपुरात असून साक्षीला आला नाही तर भाडेकरूचा वकील त्याचा उपयोग करून घेणारच.

दुकानाच्या दाव्यात मुलाला त्या धंद्याचा अनुभव नाही हा नेहमीचा आक्षेप असतो. अनुभव नसलेल्या माणसालाही नवा धंदा सुरू करण्याचा अधिकार आहे, असे न्यायालयांनी म्हटले आहे. तरी घेतलेले प्रशिक्षण, पैशांची सोय किंवा सध्या दुसरीकडे भाड्याने चालवलेली जागा यांचा थोडा तरी पुरावा असावा.

गरज कोणत्या तारखेची पाहायची, हाही प्रश्न साक्षीत येतो. दावा लांबतो, तेवढ्यात मुलगा दुसरीकडे नोकरीला लागतो, आणि आता गरज उरली नाही असे भाडेकरू म्हणतो. गया प्रसाद विरुद्ध प्रदीप श्रीवास्तव या २००१ च्या प्रकरणात मुलाच्या दवाखान्यासाठी जागा मागितली होती. खटला वीसहून अधिक वर्षे रेंगाळला आणि तोवर मुलगा नोकरीत गेला होता. दावा लावल्याच्या दिवशीची गरज ही निर्णायक असते आणि नंतरच्या घटनेने ती समूळ नाहीशी झाली असेल तरच फरक पडतो, असे सर्वोच्च न्यायालयाने तेथे म्हटले. मूल परगावी शिकायला गेल्याने किंवा तात्पुरती नोकरी धरल्याने दावा सोडून देण्याची घाई म्हणूनच करू नये. मात्र बदललेली परिस्थिती स्वतःहून न्यायालयापुढे ठेवावी.

अधिक त्रास कोणाला

गरज सिद्ध झाली तरी दावा जिंकला असे होत नाही. कलम १६(२) प्रमाणे न्यायालयाला आणखी एक तुलना करावी लागते : हुकूमनामा दिल्याने भाडेकरूला होणारा त्रास मोठा की तो नाकारल्याने मालकाला होणारा. दोघांपैकी कोणाकडे दुसरी वाजवी जागा उपलब्ध आहे, हे त्यात विशेष पाहिले जाते. घर सोडताना भाडेकरूला त्रास होतोच, आणि केवळ तेवढ्यावरून त्याच्या बाजूने निर्णय देता येत नाही. दोन्ही बाजूंनी पुरावा दिला पाहिजे, हे बेगा बेगम विरुद्ध अब्दुल अहद खान या १९७८ च्या निकालाचे सूत्र आजही वापरले जाते.

म्हणून घरमालकाने भाडेकरूबद्दलही माहिती गोळा करावी. त्याने किंवा त्याच्या मुलाने नंदनवनला घर घेतले आहे का, त्याच्या नावावर घरटॅक्स किंवा वीजजोडणी दुसरीकडे आहे का, दुकान असेल तर गेल्या काही वर्षांत त्याने जवळपास दुसरी जागा घेतली का, त्याच परिसरात सारख्या जागा भाड्याने मिळतात का, आणि दावा सुरू झाल्यापासून त्याने दुसरी जागा शोधण्याचा काही प्रयत्न केला का. शेवटचा प्रश्न उलटतपासणीत अवश्य विचारला जावा, कारण बहुतेक भाडेकरूंकडे त्याचे उत्तर नसते. उलट, भाडेकरू एकटी वृद्ध स्त्री असेल आणि तिला खरोखर दुसरा आसरा नसेल, तर वकिलाच्या आश्वासनावर न विसंबता पर्यायी जागेची व्यवस्था करून देण्याची तयारी न्यायालयात दाखवणे माणुसकीचेही आहे आणि दाव्याच्या हिताचेही.

याच पोटकलमात अंशतः ताब्याची तरतूद आहे. जागेच्या एका भागाचा ताबा दिल्याने कोणालाच त्रास होणार नसेल तर न्यायालयाने तेवढ्याच भागाचा हुकूमनामा द्यायचा असतो. जागेची विभागणी का शक्य नाही, एकच स्वयंपाकघर आहे, न्हाणीघर सामायिक आहे, दुकानाला एकच शटर आहे, हे दाव्यात आणि नकाशात दाखवून ठेवावे. निकालात या मुद्द्यावर काही निष्कर्षच नसेल तर अपिलात प्रकरण परत पाठवले जाण्याचा धोका असतो, म्हणून युक्तिवादाच्या वेळी वकिलाला त्याची आठवण द्यावी.

निकालानंतर

हुकूमनामा मिळाला की भाडेकरूला जिल्हा न्यायालयात तीस दिवसांत अपील करता येते. त्यापुढे दुसरे अपील नाही; तेथून उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे केवळ मर्यादित स्वरूपाची दाद मागता येते. निकाल लागताच जिल्हा न्यायालयात कॅव्हेट (आगाऊ सूचनेचा अर्ज) दाखल करावी, म्हणजे आपले म्हणणे ऐकल्याशिवाय एकतर्फी स्थगिती मिळत नाही. कॅव्हेट नव्वद दिवस टिकते. स्थगिती द्यायचीच असेल तर भाडेकरूने जुन्या भाड्याऐवजी आजच्या बाजारदराच्या जवळपासची रक्कम दरमहा जमा करावी, अशी अट न्यायालय घालू शकते. आत्माराम प्रॉपर्टीज या २००४ च्या निकालाचा आधार घेऊन ती मागावी आणि सोबत परिसरातले दोन-तीन नोंदणीकृत भाडेकरार जोडावेत. शंभर-दोनशे रुपये भाड्यावर अपील चालवण्याची सोय संपली की समझोत्याची भाषा आपोआप सुरू होते.

भाडेकरू स्वतःहून गेला नाही तर अंमलबजावणीची दरखास्त दाखल करावी लागते आणि बेलिफामार्फत, म्हणजे न्यायालयाच्या कर्मचाऱ्यामार्फत, ताबा मिळतो. ताबा घेताना पंचनामा, भिंती-दारांची छायाचित्रे आणि मीटरचे वाचन यांची नोंद ठेवावी.

ताबा मिळाल्यावर कलम १७ चे घड्याळ सुरू होते. एका महिन्याच्या आत त्या जागेत राहायला किंवा ती वापरायला सुरुवात झाली पाहिजे, आणि एका वर्षाच्या आत ती मूळ भाडेकरूखेरीज इतर कोणाला भाड्याने देता येत नाही. यांपैकी एखादी अट मोडली तर जुना भाडेकरू ताब्याच्या तारखेपासून तेरा महिन्यांच्या आत अर्ज करून जागा पूर्वीच्याच अटींवर परत मागू शकतो, आणि मालकावर फौजदारी कारवाईही होऊ शकते. जुन्या घराला दुरुस्ती लागणार असेल तर ती ताब्याच्या पहिल्याच आठवड्यात सुरू करावी, गवंड्याची व प्लंबरची बिले जपून ठेवावीत आणि शक्य असेल तर एक खोली आधी राहण्याजोगी करून घ्यावी. वीजबिल वापर दाखवील, गॅसजोडणी आणि आधारवरचा पत्ता नव्या खोल्यांच्या नावे होईल, याची व्यवस्था त्याच महिन्यात करावी, आणि हे सारे कागद तेरा महिने उलटेपर्यंत दाव्याच्या फाइलमध्येच ठेवावेत.